घरातल्या वडीलधाऱ्यांचा इतिहास कसा लिहावा: वयाच्या तक्त्यापासून सातबाऱ्यापर्यंत

कुटुंबाचा इतिहास लिहायचा म्हटलं की बहुतेक जण वंशावळीपासून सुरुवात करतात. नावाखाली नाव, रेघेला रेघ, आणि पाच-सहा पिढ्यांवर गाडी अडते. हाती येतात ती फक्त नावं. पणजोबांनी गाव का सोडलं, आजी पैशाच्या बाबतीत इतकी धास्तावलेली का असते, दोन चुलत घराण्यांत बोलणं का नाही, याचं उत्तर त्या कागदावर नसतं. नातवंडांना आजी-आजोबा भेटतात तेच मुळी साठी ओलांडल्यावर. त्यामुळे ती माणसं जन्मापासून तशीच होती असं नकळत डोक्यात बसतं, आणि त्यांचे हट्ट म्हणजे निव्वळ स्वभाव वाटू लागतात. म्हणून या लेखात वंशावळ नंतर येते. आधी येतो वयाचा तक्ता.

वयाचा तक्ता

एक मोठी आखीव वही घ्या किंवा संगणकावर तक्ता उघडा. डाव्या बाजूला वर्षं, घरातल्या सर्वांत वृद्ध माणसाच्या जन्मापासून आजपर्यंत, एका ओळीत एक. वरच्या बाजूला माणसं: आजी, आजोबा, त्यांची भावंडं, आई-वडील, काका, आत्या. प्रत्येक चौकोनात त्या वर्षी त्या माणसाचं वय लिहायचं. शेवटचा रकाना घडामोडींसाठी मोकळा ठेवा: लग्न, जन्म, मृत्यू, स्थलांतर, नोकरी, वाटणी, कर्ज.

समजा आजीचा जन्म १९३८ चा आहे. लग्न १९५४ मध्ये झालं असेल तर तेव्हा ती सोळा वर्षांची होती. १९७२ च्या दुष्काळात ती चौतीस वर्षांची, पदरी चार मुलं आणि हातात रोजगाराच्या कामावर खडी फोडायचा हातोडा. त्या वर्षीची सुकडी आणि मिलोची लाल ज्वारी खाऊन ज्या बाईनं मुलं जगवली, ती आज ताटात टाकलेलं अन्न पाहून का चिडते, हे वय आणि वर्ष शेजारी-शेजारी आल्यावर वेगळं समजावून सांगावं लागत नाही. नातवंडांपैकी कुणी चौतिशीचं असेल तर ती ओळ त्याला जरूर दाखवा.

तक्ता पहिल्या दिवशी अर्धवटच राहणार. अंदाजाची वयं पेन्सिलने लिहा, कागदावरून पक्की झालेली शाईने. हा भेद शेवटपर्यंत पाळायचा.

जन्मतारखेवर लगेच विश्वास ठेवू नका

जुन्या पिढीतल्या असंख्य लोकांची कागदोपत्री जन्मतारीख १ जून आहे. शाळा जूनमध्ये सुरू व्हायची, घरच्यांना तारीख सांगता यायची नाही, मग गुरुजी डोक्यावरून हात नेऊन पलीकडचा कान पकडता येतो का ते बघायचे आणि वय ठरवून १ जून लिहून टाकायचे. त्यामुळे शाळा सोडल्याच्या दाखल्यावरची तारीख एखाद-दोन वर्षांनी, कधी त्याहूनही जास्त, इकडे-तिकडे असू शकते. आधार आणि पेन्शनच्या कागदांवरही बहुधा तीच तारीख उतरलेली असते. तीन कागद जुळले म्हणून ती खरी ठरत नाही, कारण तिघांचा उगम एकच.

जन्मपत्रिका असेल तर ती अधिक भरवशाची. तिच्यात तिथी, वार, शके आणि संवत्सर असतं, म्हणजे पडताळणीला चार धागे मिळतात. शालिवाहन शकात ७८ मिळवले की इसवी सन येतो. मात्र १ जानेवारीपासून फाल्गुनाच्या अखेरीपर्यंतच्या तारखांना ७९ मिळवायचे. शके १८७५ चा वैशाख १९५३ मध्ये येतो, पण त्याच शकाचा माघ १९५४ मध्ये. इथे सर्रास एका वर्षाची चूक होते. संवत्सराचं नाव पडताळायचं असेल तर शकात १२ मिळवून ६० ने भागा. बाकी १ उरली तर प्रभव, २ उरली तर विभव, याप्रमाणे पंचांगातल्या यादीत पुढे मोजा. जुन्या महसुली कागदांवर फसली सन, म्हणजे शेतसाऱ्याच्या हिशेबाची कालगणना, असतो. त्यात ५९० मिळवले की ज्या इसवी सनात ते फसली वर्ष सुरू झालं तो सन मिळतो, आणि वर्ष उन्हाळ्याच्या शेवटी बदलतं.

कागद नसतील तर वर्ष विचारू नका, खूण विचारा. वडीलधाऱ्यांना सन आठवत नाही, पण आपण कुठे होतो ते आठवतं. पश्चिम महाराष्ट्रात ‘कोयनेचा भूकंप झाला तेव्हा तुम्ही कुठल्या घरात होता?’ असं विचारा. तो ११ डिसेंबर १९६७ ची पहाट. पुण्यात पानशेतचा पूर, १२ जुलै १९६१. मराठवाड्यात रझाकारांचे दिवस आणि निजामाची राजवट संपली तो १७ सप्टेंबर १९४८, पुढे किल्लारीचा भूकंप, ३० सप्टेंबर १९९३. मुंबईत गिरणी संप, १८ जानेवारी १९८२ पासून. नागपूरची धम्मदीक्षा, १४ ऑक्टोबर १९५६. सगळीकडे चालणारी खूण म्हणजे नवे पैसे, १ एप्रिल १९५७: ‘पहिला पगार आण्यांत मिळाला की नव्या पैशांत?’ आणखी मागच्या पिढीबद्दल ऐकीव माहिती असेल तर १८९६ ला सुरू झालेला प्लेग आणि १९१८ ची मानमोडीची (इन्फ्लुएंझाची) साथ या दोन खुणा कामी येतात. त्या सुमारास घरातले एकापेक्षा जास्त मृत्यू एकाच वर्षी सांगितले जात असतील तर ते कपोलकल्पित समजू नका.

बोलायला बसताना

एक बैठक पाऊण तासाची, फार तर तासाची. त्याहून लांबली की थकवा येतो आणि उत्तरं तुटक होतात. आठवड्यात एक, अशा सहा ते आठ बैठका ठरवा. सकाळी चहानंतरची वेळ बहुतेक वृद्धांना मानवते. ज्या कानाने नीट ऐकू येतं त्या बाजूला बसा. पंखा बंद, टीव्ही बंद. कुकर लावायची वेळ टाळा.

ध्वनिमुद्रणाला साधा मोबाईल पुरतो. तो विमान मोडवर टाका, नाही तर मधेच फोन येऊन फाईल तुटते. मोबाईल टेबलावर थेट ठेवू नका, खाली घडी घातलेला टॉवेल ठेवा आणि बोलणाऱ्यापासून वीत-दीड वीत अंतर राखा. ॲपमध्ये सोय असेल तर वेव्ह फाईल निवडा. एका तासाला साधारण तीनशे एमबी जागा लागते, तेवढी आधी मोकळी करून ठेवा. सुरुवातीला तुमच्याच आवाजात तारीख, गाव, कोण बोलतंय आणि खोलीत आणखी कोण आहे ते सांगा. वीस वर्षांनी ती फाईल कुणाच्या हाती लागली तर हेच पहिलं वाक्य तिला अर्थ देईल.

‘तुमच्या वेळी कसं होतं?’ हा प्रश्न विचारू नका. त्याला ‘फार हाल काढले’ किंवा ‘फार सुख होतं’ एवढंच उत्तर मिळतं. त्याऐवजी पहिल्या बैठकीत घराचा नकाशा काढून घ्या. कोरा कागद आणि जाड पेन पुढे ठेवून विचारा: आजी, तू लग्न होऊन आलीस तेव्हा चूल कुठे होती? पाणी कुठून आणायचीस? दार कोणत्या दिशेला? रात्री कोण कुठे झोपायचं? जेवायला आधी कोण बसायचं आणि शेवटी कोण? झोपायच्या जागा विचारल्या की घरात किती माणसं होती ते आपोआप निघतं. त्यात विधवा झालेली आत्या, शिकायला ठेवलेला भाचा, शेतावरचा सालगडी असे लोक सापडतात. वंशावळीत त्यांना जागा नसते, पण घर त्यांच्यावर चाललेलं असतं. शेवटी कोण जेवायचं याच्या उत्तरात घरातली सगळी उतरंड असते.

दुसऱ्या बैठकीत गाव किंवा चाळ, तिसऱ्यात काम. कामाबद्दल विचारताना हातांनी करून दाखवायला सांगा, शक्य असेल तर तेवढंच चित्रित करा. चौथ्या बैठकीपासून माणसं आणि प्रसंग. शेवटच्या दोन बैठका मोकळ्या सोडा, कारण तोपर्यंत त्यांना स्वतःलाच काही ना काही आठवू लागलेलं असतं.

उत्तर थांबलं की लगेच पुढचा प्रश्न टाकू नका. मनात दहा आकडे मोजा. बहुतेक मोलाचं बोलणं त्या शांततेनंतर येतं, आणि घाईमुळे ते कायमचं हुकतं. सन चुकला, नाव चुकलं तरी तिथल्या तिथे दुरुस्त करू नका. ‘आजोबा, तसं नव्हतं’ हे वाक्य दोनदा ऐकल्यावर तिसऱ्यांदा माणूस ‘मला आता काही आठवत नाही’ म्हणतो. चुकीची नोंद करा आणि चूक का झाली ते नंतर शोधा. दोन दुष्काळ एकात मिसळले असतील, किंवा थोरल्या भावाच्या बाबतीत घडलेलं ऐकून-ऐकून स्वतःचं झालं असेल. अशी सरमिसळसुद्धा सांगून जाते की घरात कोणती गोष्ट पुन्हा पुन्हा सांगितली जायची.

काही वृद्ध स्त्रिया नवऱ्याचं, सासऱ्याचं नाव घेत नाहीत. त्यांना आग्रह करू नका. तुम्ही नाव म्हणा आणि त्यांना मान हलवू द्या, किंवा उखाणा घ्यायला सांगा. उखाण्यात नाव येतं आणि उखाणाही नोंदला जातो. तसंच तात्या, नाना, आबा, अण्णा, बाळ, माई ही घरगुती नावं कधीच एकटी लिहू नका. नातवाला दिवंगत आजोबांचं नाव ठेवण्याची चाल असल्याने कागदावरचं नावही एक पिढी सोडून पुन्हा येतं. ‘तात्या (दुसरे), जन्म सुमारे १९२०, धाकट्या घरातले’ असं लिहिलं तरच पुढचा वाचणारा घोटाळ्यात पडणार नाही.

प्रत्येक बैठकीच्या रात्रीच मिनिटांसकट दहा-बारा ओळींची सूची करा: ‘१२:४० विहीर खणली’, ‘२१:१५ थोरल्या जावेशी भांडण’. तासाभराचं बोलणं शब्दशः उतरवायला पाच-सहा तास सहज जातात, म्हणून सगळं उतरवण्याचा संकल्प करणारे पहिल्या फाईलवरच थकतात. सूची सगळ्याची करा, शब्दशः उतरवा फक्त महत्त्वाचे तुकडे. ते उतरवताना बोली जशी आहे तशी ठेवा. आजी ‘व्हतं’ म्हणाली असेल तर ‘होतं’ करू नका.

कागद कुठे आणि त्यात काय बघायचं

जमीन असलेल्या किंवा कधी काळी असलेल्या घराला सातबारा हा पहिला कागद. पण आजच्या सातबाऱ्यात इतिहास फारसा नसतो. खरा माल फेरफारात असतो, म्हणजे जमिनीच्या हक्कात झालेल्या बदलांच्या नोंदवहीत, गाव नमुना ६ मध्ये. सातबाऱ्यावर वर्तुळात किंवा कंसात फेरफार क्रमांक असतात. ते उतरवून घेऊन मागे मागे जायचं. जुने फेरफार तलाठी कार्यालयात किंवा तहसीलच्या अभिलेख कक्षात असतात. अनेक जिल्ह्यांचे स्कॅन केलेले जुने सातबारे आणि फेरफार महाभूमी या राज्याच्या भूमी अभिलेख विभागाच्या ‘आपले अभिलेख’ संकेतस्थळावर मिळतात. जाण्याआधी मौजे (म्हणजे गाव), त्या काळचा तालुका आणि जुना सर्व्हे नंबर हाताशी ठेवा. विखुरलेले तुकडे एकत्र करणाऱ्या एकत्रीकरण योजनेनंतर सर्व्हे नंबरांचे गट नंबर झाले, त्यामुळे आजच्या नंबरवर जुना कागद शोधला तर भलत्याच माणसाचं शेत निघतं. जुन्या-नव्या नंबरांचा मेळ तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात घालता येतो. जिल्हेही बदलले: सिंधुदुर्ग १९८१ पर्यंत रत्नागिरीत, लातूर १९८२ पर्यंत उस्मानाबादेत, पालघर २०१४ पर्यंत ठाण्यात होतं. मराठवाड्यातले निजामकाळातले कागद बऱ्याचदा उर्दूत असतात.

फेरफारातल्या लहान अक्षरांकडे लक्ष द्या. नावापुढे ‘अ.पा.क.’ असेल तर तो माणूस नोंदीच्या वेळी अज्ञान, म्हणजे सज्ञान वयाच्या आतला, होता आणि पुढे त्याच्या पालनकर्त्याचं नाव आहे. समजा आजोबांच्या नावापुढे ‘अ.पा.क. आई’ आहे. म्हणजे वडील गेले तेव्हा ते लहान होते आणि जमीन त्यांच्या आईने सांभाळली. आता वयाच्या तक्त्याकडे परत या, त्या वर्षीचं त्यांचं वय बघा, तिचंही बघा. आजोबा कुणावर पटकन विश्वास टाकत नाहीत अशी घरभर तक्रार असेल, तर तिच्यावर नव्याने विचार करण्याची ही जागा. ‘ए.कु.मॅ.’ म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर, तेव्हा जमीन त्या एकट्याची समजू नये. ‘बिन’ आणि ‘वलद’ यांच्यानंतर बापाचं नाव येतं, ‘कोम’च्या नंतर नवऱ्याचं. १ एप्रिल १९५७ च्या आसपासच्या नोंदींत कूळ कायद्याने (कसणाऱ्या कुळाला जमीन देणाऱ्या) जमीन गेलेली किंवा मिळालेली दिसेल. एकाच गावातल्या दोन घरांत त्याच्या अगदी उलट्या कहाण्या सांगतात आणि दोन्ही नोंदवण्यासारख्या असतात.

जमीन नसलेल्यांनी हिरमुसू नये. शाळेच्या जनरल रजिस्टरचा उतारा, गाव नमुना १४ म्हणजे जन्म-मृत्यूची नोंदवही, जिला कोतवाल बुक म्हणतात, गिरणीतला तिकीट नंबर, भविष्यनिर्वाह निधीचे कागद, रेशनकार्ड, भाडेपावत्या, मतदार यादी. एकाच पत्त्यावरचं जुनं रेशनकार्ड म्हणजे त्या वर्षीचं अख्खं घर.

तीर्थक्षेत्रीची नामावळी हा आणखी एक झरा. नाशिक, त्र्यंबकेश्वर, पंढरपूर, काशी, गया इथले उपाध्ये आपापल्या यजमानांच्या वह्या पिढ्यानपिढ्या चालवत आले आहेत. तिथे आडनाव आणि मूळ गाव सांगावं लागतं, राहतं गाव नव्हे. पाटील, कुलकर्णी, देशमुख, चौगुले ही हुद्द्यांची नावं आहेत. त्यामागचं जुनं आडनाव ठाऊक असल्याशिवाय वही सापडत नाही. मूळ गाव माहीत नसेल तर कुलदैवत आणि देवक विचारा, त्यावरून निदान टापू कळतो. सांगली, कोल्हापूर, सोलापूरकडे हेळवी वंशावळ सांगत येतात, खानदेश-विदर्भात भाट. त्यांचं सांगणं मुद्रित करा, पण दहा पिढ्यांपलीकडची पराक्रमी नावं पेन्सिलनेच लिहा.

मोडी कागद सापडला तर घाईने भाषांतर करून घेऊ नका. आधी सपाट ठेवून दिवसाच्या उजेडात फोटो काढा, पाठीमागचाही. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद सहसा नसतो आणि शब्द तोडून लिहिलेले नसतात, म्हणून घराण्यातली नावं आणि गावं वाचणाऱ्याला आधीच लिहून द्या. वाचन कितीतरी नेमकं होतं. पुण्याचं भारत इतिहास संशोधक मंडळ आणि पुराभिलेखागार इथे मोडीचे जाणकार भेटतात.

लेकी-सुनांची नोंद

छापील कुलवृत्तान्तांत लेकींची रेघ बहुधा लग्नापाशी संपते आणि सुनेचं फक्त सासरचं नाव उरतं. ही उणीव भरून काढणं हे आजच्या पिढीचं सगळ्यात मोठं काम आहे असं आम्हांला वाटतं. प्रत्येक स्त्रीसाठी चार गोष्टी लिहा: जन्मनाव, माहेरचं गाव, आईचं नाव, लग्नानंतरचं नाव.

यासाठी अनपेक्षित आधार म्हणजे हक्कसोडपत्र (आपला हिस्सा सोडल्याचा कागद) आणि वारसाचा फेरफार. भावांच्या नावे जमीन व्हावी म्हणून बहिणींनी सह्या केल्या, त्या कागदावर सगळ्या बहिणी त्यांच्या सासरच्या नावांसह आणि गावांसह सापडतात. तक्त्यात त्या सह्यांचं वर्ष टाका. ते मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत हक्क देणाऱ्या १९९४ च्या महाराष्ट्रातल्या किंवा २००५ च्या केंद्राच्या वारसा दुरुस्तीच्या आधीचं की नंतरचं, हे बघून पुढचे प्रश्न जपून विचारा.

जात्यावरच्या ओव्या येत असतील तर चाल लावून म्हणायला सांगा, नुसत्या सांगायला नको. म्हणताना पुढची ओळ आठवते. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांच्या प्रकल्पात महाराष्ट्रातल्या खेड्यांतून एक लाखाहून जास्त ओव्या जमल्या. त्यांत सासुरवास, भाऊ, मूल, पाऊस, आंबेडकर सगळं आहे. पोथीत न मावलेलं मत बायकांनी ओवीत ठेवलं.

परंपरा नोंदवताना

‘आमच्याकडे असंच असतं’ ही नोंद नव्हे. प्रत्येक कुळाचारासाठी विचारा: काम कोण करतं, सामान काय आणि किती, कधीपासून, मधे काय बदललं, कुणी बदललं, काय बंद पडलं. सगळ्यात उपयोगी प्रश्न सुनांसाठी: हे तुमच्या माहेरी कसं होतं? बाहेरून आलेल्या माणसालाच फरक दिसतो. शेकडो वर्षांची म्हणून सांगितलेली प्रथा कधी कधी एखाद्या पणजीने नवसापोटी सुरू केलेली निघते. त्याने तिचं मोल घटत नाही. उलट ती का सुरू झाली हे कळल्यावर पुढच्या पिढीला ती ठेवायची, बदलायची की सोडायची, हे समजून ठरवता येतं. एखादी प्रथा कुणाला बाहेर ठेवून चालत असेल, विधवांना, एखाद्या जातीला, पाळीतल्या बाईला, तर तेही स्पष्ट लिहा. गाळलेला भाग पुढच्यांना फसवतो.

नाजूक गोष्टी

वंशावळ विचारायला गेलं की पहिली शंका येते ती जमिनीच्या हिश्श्याची. म्हणून नातेवाइकांकडे जाताना मालमत्तेचे कागद बरोबर नेऊ नका आणि हेतू पहिल्याच फोनवर सांगा. दुसरं लग्न, आत्महत्या, वेडाचा आजार, घरातून काढून दिलेली मुलगी, जातीबाहेरचं लग्न, यावर बोलणं निघालं तर मुद्रण बंद करू का असं विचारा आणि ‘हो’ म्हटलं तर खरंच बंद करा. तीन कप्पे ठेवा: सगळ्यांना चालेल ते, फक्त घरात राहील ते, आणि संबंधित माणूस हयात असेपर्यंत उघडायचं नाही ते. कोणती गोष्ट कुठल्या कप्प्यात जाईल हे सांगणाऱ्याने ठरवायचं, तुम्ही नव्हे.

जपणूक आणि मजकूर

फोटो सहाशे डीपीआयला स्कॅन करा. अल्बमला चिकटलेला फोटो ओढून काढू नका, दात साफ करायचा दोरा मागून हळूहळू फिरवा. लॅमिनेशन आणि चिकटपट्टी दोन्ही वर्ज्य. मागच्या बाजूला कडेला मऊ पेन्सिलने नावं लिहा, डावीकडून उजवीकडे. व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून पाठवला की त्यातला बारकावा जातो, डॉक्युमेंट म्हणून पाठवा. प्रत्येक फाईलच्या तीन प्रती: संगणकावर, वेगळ्या हार्ड डिस्कवर आणि दुसऱ्या गावातल्या नातेवाइकाकडे. वर्षातून एकदा उघडून पाहा.

मजकूर लिहिताना प्रत्येक विधानापुढे खूण करा: ‘सां.’ म्हणजे सांगितलेलं, ‘का.’ म्हणजे कागदावरचं, ‘अं.’ म्हणजे तुमचा अंदाज. दोघांनी एकच प्रसंग वेगळा सांगितला असेल तर मधला मार्ग काढू नका, दोन्ही एकाखाली एक द्या, नावांसह. पहिला मसुदा ठळक टायपात छापा आणि ज्यांनी सांगितलं त्यांना मोठ्याने वाचून दाखवा. त्या वेळीही मोबाईल चालू ठेवा, कारण दुरुस्त्या सांगता सांगता नवीनच काही निघतं. त्यांनी एखादी ओळ काढायला सांगितली तर काढा. एखादा सन कागदाशी जुळत नसेल तर कागद दाखवून विचारा, आणि तरीही ते आपल्याच सनावर ठाम राहिले तर त्यांचा सन मजकुरात ठेवून कागदातला तळटीपेत द्या, दुरुस्तीची तारीख घालून.